'अतिरिक्त' पाण्याचे थोतांड

आपल्याकडे नदीजोडचा विषय निघाला की परदेशातील यशस्वी प्रयोगांची एक यादी हमखास पुढे केली जाते. त्या यादीत स्पेनमधील ताहो-सेगुरा कालव्याचे नाव बहुधा असतेच. सुमारे तीनशे किलोमीटर लांबीचा जलमार्ग, डोंगर ओलांडून जाणारे पाणी आणि एके काळच्या रखरखीत भूमध्य किनाऱ्यावर फुललेल्या लिंबांच्या बागा व भाजीपाल्याचे मळे! चित्र मनोहर आहे आणि ते खोटेही नाही. परंतु हे चित्र कालव्याच्या शेपटाकडून काढलेले आहे. आपल्याकडील कालव्यांवर नेहमी रडतो तो शेपटाकडचा शेतकरी. मुखाकडचे सारे पाणी पिऊन टाकतात, ही त्याची जुनी तक्रार. स्पेनमध्ये नेमके उलटे घडले. तेथे शेपूट हिरवे झाले आणि मुखाशी असलेला एक अख्खा प्रांत पाण्याकडे बघत कोरडा राहिला. त्या प्रांताचे नाव ग्वादालाहारा. यशोगाथा सांगणाऱ्यांच्या तोंडी हे नाव सहसा येत नाही. म्हणूनच ते येथे घ्यावयाचे आहे.

प्रस्तुत लेखक अभियंता नव्हे, कला शाखेचा पदवीधर आहे. घनमीटरांपेक्षा शब्दांशी त्याची ओळख जुनी. आणि या साऱ्या प्रकरणाच्या मुळाशी एक शब्दच आहे. स्पेनच्या कायद्याने ताहो नदीचे 'अतिरिक्त' पाणी सेगुरा खोऱ्यात नेण्यास अनुमती दिली. अतिरिक्त म्हणजे कोणाच्या गरजेपेक्षा अधिक? ते कोणी ठरवावयाचे, आणि कोठे बसून? अर्धे शतक उलटले तरी त्या देशाला या प्रश्नाचे प्रामाणिक उत्तर देता आलेले नाही.

दगडांच्या नदीचा देश

ग्वादालाहारा हा माद्रिदच्या ईशान्येस असलेला, समुद्राचे तोंडही न पाहिलेला प्रांत. क्षेत्रफळ सुमारे १२ हजार २०० चौरस किलोमीटर. नाव अरबी आहे. 'वादी अल्-हिजारा' म्हणजे दगडांची नदी किंवा दगडांचे खोरे. ज्या नदीकाठी प्रांताचे मुख्य शहर वसले आहे ती एनारेस. एका नदीवरून शहराचे आणि शहरावरून प्रांताचे नाव पडावे, यातच त्या भूमीचे आणि पाण्याचे नाते स्पष्ट होते.

प्रांताचे स्वाभाविक भाग चार. उत्तरेला सव्वादोन हजार मीटरपर्यंत चढणारी डोंगररांग. एनारेसच्या काठची सपाट, धान्य पिकविणारी कांपिन्या. मध्यभागी मध आणि सुगंधी लव्हेंडरसाठी प्रसिद्ध असलेले आल्कार्रियाचे पठार. आणि पूर्वेला मोलिना दे आरागोनचा कडाक्याच्या थंडीचा उंच मुलूख. त्या मुलखात २८ जानेवारी १९५२ रोजी पारा शून्याखाली २८ अंशांवर उतरल्याची नोंद आहे. याच मुलखाच्या दक्षिण अंगाने ताहो नदी खोल घळी कोरीत प्रांतात उतरते. पोर्तुगालमध्ये तिला तेजो म्हणतात. आपल्या शालेय नकाशांवर ती टॅगस या नावाने असे. शेजारच्या तेरुएल प्रांतातील आल्बारासीनच्या डोंगरात उगम पावून, सुमारे एक हजार किलोमीटरचा प्रवास करून ती लिस्बनजवळ अटलांटिक महासागरास मिळते. आयबेरियन द्वीपकल्पातील ही सर्वांत लांब नदी. एनारेस, ताहुन्या, हारामा, गायो, ग्वादिएला या साऱ्या या ना त्या वाटेने अखेर तिलाच मिळतात. प्रांताच्या ईशान्य कडेचे थोडे प्रवाह तेवढे एब्रो नदीकडे, म्हणजे भूमध्य समुद्राकडे जातात. कोणते पाणी पश्चिमेच्या महासागरास आणि कोणते पूर्वेच्या समुद्रास, याची वाटणी निसर्गाने या पठारावर केव्हाच करून ठेवली होती. माणसाने ती मोडली ती विसाव्या शतकात.

नदीने घडविलेला इतिहास

या प्रांताचा इतिहास नदीकाठीच वाचावा लागतो. इ.स. ५७८ मध्ये व्हिसिगॉथ राजा लेओविगिल्द याने ताहोच्या एका वळणावर रेकोपोलिस हे नवे नगर वसविले. रोमन साम्राज्य कोसळल्यानंतर पश्चिम युरोपात शहरे ओस पडत असताना, राजसत्तेने मुद्दाम उभारलेले हे एक विरळा नगर. राजवाडा, चर्च, कारागिरांची घरे आणि पाणी आणणारा जलसेतूही तेथे होता. उत्खननातून त्याचे अवशेष आज पाहावयास मिळतात. पुढे मुस्लिम राजवट आली. १०८५ मध्ये तोलेदोबरोबर हा मुलूखही कास्तिलच्या राजाकडे गेला. ११६२ मध्ये बालराजा आठवा आल्फोन्सो याला वेढ्यातून सोडविण्यासाठी आतिएन्साच्या खेचरवाल्यांनी त्याला आपल्या तांड्यातून बाहेर काढल्याची परंपरा सांगतात. तिच्या स्मरणार्थ निघणारी 'काबायादा' ही घोडेस्वारांची मिरवणूक आजही दरवर्षी निघते. पंधराव्या शतकात मेंदोसा घराण्याने ग्वादालाहारा शहरात इन्फांतादोचा भव्य वाडा बांधला. १७१० मध्ये स्पेनच्या राजसिंहासनाच्या वारसायुद्धातील निर्णायक लढाया ताहुन्याकाठच्या ब्रिउएगा येथे आणि जवळच्या विय्याव्हिसिओसा येथे झाल्या. मार्च १९३७ मध्ये, स्पेनच्या यादवी युद्धात, मुसोलिनीने पाठविलेल्या इटालियन फौजेचा नामुष्कीचा पराभव याच प्रांतात झाला.

म्हणजे हा प्रांत इतिहासाच्या आडवळणाला पडलेला नव्हता. स्पेन ज्या ज्या वेळी घडला वा मोडला, त्या त्या वेळी या नद्यांचे काठ साक्षीला होते. आणि राजे-सरदारांइतकाच येथील सामान्य माणसाचाही नदीशी संबंध होता. उंच मुलखातील पाइन वृक्षांचे ओंडके ताहोच्या पुरात सोडून, हातातील लांब आकडीने ते वळणावळणावर सोडवीत थेट आरान्हुएसपर्यंत नेणारे 'गांचेरो' हे त्या नदीचे खरे जाणकार. कादंबरीकार होसे लुईस साम्पेद्रो यांनी १९६१ मध्ये त्यांच्यावर एक गाजलेली कादंबरी लिहिली. धरणे झाली आणि हा व्यवसाय संपला. डिसेंबर २०२२ मध्ये युनेस्कोने लाकूड वाहून नेण्याच्या या कौशल्याला, इतर काही युरोपीय देशांसह, अमूर्त वारशाचा मान दिला. ओंडका तरंगेल एवढी मोकळी नदी राहिली नाही. मानपत्र मात्र मिळाले!

प्रांताची टाकी कशी झाली

१९५०च्या दशकात या प्रांतात दोन मोठी धरणे उभी राहिली. ताहोवर एंत्रेपेन्यास आणि तिची उपनदी ग्वादिएला हिच्यावर, कुएन्का प्रांताच्या सीमेलगत, बुएंदिया. दोहोंची मिळून साठवण क्षमता सुमारे अडीच हजार दशलक्ष घनमीटर, म्हणजे आपल्या हिशेबाने ८७-८८ टीएमसी. कोयनेच्या १०५ टीएमसीशी ताडून पाहिले की आवाका ध्यानात येतो. लोकांनी कौतुकाने या जलाशयांना 'कास्तिलचा समुद्र' म्हटले.

या समुद्राखाली काय गेले? फर्डिनंड सातव्याने एकोणिसाव्या शतकात वसविलेले, राणी इसाबेलच्या नावाचे ला इसाबेला हे औषधी झऱ्यांचे नगर गेले. सांता मारिया दे पोयोस हे गाव गेले आणि तेथील कुटुंबांना दुएरो नदीच्या खोऱ्यात, पार वायादोलिद प्रांतात नवी वस्ती थाटावी लागली. नदीकाठच्या सुपीक मळ्यांच्या पट्ट्या गेल्या. डोंगराळ मुलखात कसदार जमीन असते ती नदीकाठीच. तीच पहिल्या झटक्यात बुडाली. तरीही लोकांनी तक्रार पोटात घातली. सासेदोनसारख्या गावांनी जलाशयाकाठी हॉटेले काढली, नौकानयनाची केंद्रे उभारली. माद्रिदचे पर्यटक येऊ लागले. गेलेल्या जमिनीच्या बदल्यात पाणी तरी आपल्या दारात आहे, अशी त्यांची समजूत होती. ही समजूत दोन दशकेही टिकली नाही.

ताहोचे पाणी आग्नेयेकडे वळविण्याची कल्पना मान्वेल लोरेन्सो पार्दो या अभियंत्याच्या १९३३च्या राष्ट्रीय योजनेतच होती. ती प्रत्यक्षात आणण्याचा कायदा झाला १९७१ मध्ये, म्हणजे जनरल फ्रँकोच्या एकाधिकारशाहीत. त्या वेळी ना मोकळे वृत्तपत्र होते, ना निवडून आलेली संसद, ना या प्रदेशाचे स्वतःचे शासन. कास्तिया-ला मांचा या स्वायत्त प्रदेशाची सनदच मुळी १९८२ची. ज्याचे पाणी जाणार त्याला बोलण्यास तोंडच नव्हते. पहिल्या टप्प्यात वर्षाला ६०० दशलक्ष घनमीटर (सुमारे २१ टीएमसी) आणि पुढे १,००० पर्यंत पाणी नेण्याचे स्वप्न रंगविले गेले. बोलार्के येथून पाणी पंपाने सुमारे अडीचशे मीटर उंच उचलावयाचे. कालव्याने हुकार नदीवरील आलार्कोन धरणात सोडावयाचे. तेथून पुन्हा कालव्याने आणि सुमारे ३२ किलोमीटर लांबीच्या बोगद्यातून सेगुराच्या खोऱ्यात उतरवावयाचे. अभियांत्रिकी म्हणून हे काम अचाट आहे, याविषयी वाद नाही. १९७९ मध्ये पाणी वाहू लागले.

वाद आहे तो हिशेबाचा. एंत्रेपेन्यास-बुएंदियात येणाऱ्या पाण्याचा अंदाज ज्या जुन्या, ओल्या वर्षांवरून बांधला होता, ती वर्षे १९८० नंतर पुन्हा आलीच नाहीत. या धरणांत येणारी वार्षिक आवक आधीच्या काळाच्या मानाने जवळजवळ निम्म्यावर आली. पाऊस घटला, तापमान वाढले, बाष्पीभवन वाढले. निसर्गाने आपला आकडा बदलला. कायद्याने मात्र आपला बदलला नाही. प्रत्यक्षात कालव्यातून वर्षाला सरासरी तीनशे ते साडेतीनशे दशलक्ष घनमीटरच पाणी जाऊ शकले. म्हणजे कागदावरच्या सहाशेपैकी निम्मेच 'अतिरिक्त' होते, आणि हे निम्मेही उगमाकडील जलाशय तळाला नेऊन काढलेले होते.

धरण उशाला, कोरड घशाला

'अतिरिक्त' या शब्दाची व्याख्या पाहण्यासारखी आहे. नदीला किती हवे, काठच्या गावांना किती हवे, हे आधी मोजून उरलेले ते अतिरिक्त, अशी साधी समजूत कोणाचीही असेल. स्पेनमध्ये हिशेब उलट्या बाजूने मांडला गेला. दोन जलाशयांत किती पाणी उरले की कालवा बंद करावयाचा, एवढाच प्रश्न विचारला गेला. १९९७ पासून ही मर्यादा २४० दशलक्ष घनमीटर होती, म्हणजे एकूण क्षमतेच्या दहा टक्क्यांहूनही कमी. नव्वद टक्के धरण रिकामे झाले तरी उरलेल्यातील पाणी 'अतिरिक्त'च! डिसेंबर २०१३च्या कायद्याने ही मर्यादा टप्प्याटप्प्याने ४०० वर नेली. तीही क्षमतेच्या सहाव्या हिश्श्याएवढी. घरात धान्याच्या दहा कणग्या असाव्यात, नऊ रित्या झाल्यावरही शेजाऱ्याने दहावीकडे बोट दाखवून 'हे तर तुमचे जास्तीचे' म्हणावे, तशातला हा प्रकार.

परिणाम व्हावयाचा तोच झाला. सासेदोनच्या नौकानयनाच्या धक्क्यांपासून पाणी दूर गेले, किनाऱ्यांवर भेगाळलेला चिखल उरला, पर्यटक पांगले. २०१७च्या शरदात साठा क्षमतेच्या जेमतेम दहाव्या हिश्श्यावर आला आणि कित्येक महिने कालवा बंद ठेवावा लागला. ला इसाबेलाच्या भिंती चिखलातून वर डोकावू लागल्या. जलाशयांच्या परिसरातील काही गावांना उन्हाळ्यात पिण्याचे पाणी टँकरने पुरविण्याची पाळी आली. 'धरण उशाला आणि कोरड घशाला' ही म्हण मराठी माणसाला कोणी समजावून सांगावयास नको. ती कास्तिलच्या पठारावर इतकी तंतोतंत लागू पडावी, हे दुर्दैव.

नदीच्या खालच्या अंगाला तर याहून वाईट अवस्था. उगमाचे स्वच्छ पाणी कालव्यात गेल्यावर ताहोच्या पात्रात उरले ते मुख्यतः हारामा नदीने आणलेले माद्रिदचे सांडपाणी. ज्या तोलेदो नगराला ताहोने तिन्ही बाजूंनी वेढा दिला आहे, तेथे १९७२ पासून नदीत स्नानास बंदी आहे. ही बंदी कालवा सुरू होण्यापूर्वीची, हे प्रामाणिकपणे सांगितले पाहिजे. माद्रिदच्या घाणीचे पाप कालव्याच्या माथी मारता येणार नाही. पण ती घाण धुऊन नेणारे पाणीही काढून घेतले, हे पाप कालव्याचेच.

प्रांत ओस पडण्याचीही अशीच गोष्ट. १९०० मध्ये ग्वादालाहाराची लोकसंख्या सुमारे दोन लाख होती. १९८१ मध्ये ती दीड लाखाच्याही खाली गेली होती. आज आकडा पुन्हा वाढलेला दिसतो, तो माद्रिदला खेटून असलेल्या एनारेसकाठच्या औद्योगिक पट्ट्यामुळे. २८८ पैकी निम्म्याहून अधिक नगरपालिकांत शंभर माणसेही राहत नाहीत. मोलिनाच्या मुलखात दर चौरस किलोमीटरला तीन माणसेसुद्धा भरत नाहीत. हे सारे कालव्याने केले, असे म्हणणे अतिशयोक्तीचे ठरेल. शेतीचे यांत्रिकीकरण आणि माद्रिदचे आकर्षण ही मोठी कारणे आहेतच. परंतु या ओसाडीवर मात करण्याचे जे एकमेव भांडवल या भूमीजवळ होते, ते कोणते? पाणी. नेमके तेच उचलून नेले गेले. आणि मग त्याच ओसाडीचा दाखला देऊन म्हणावयाचे, 'येथे माणसेच नाहीत, पाणी हवे कोणाला?' गरिबाचे ताट ओढून घ्यावयाचे आणि त्याला भूकच नाही असा निष्कर्ष काढावयाचा, हा तर्क मोठा सोयीचा आहे.

'राष्ट्राचे पाणी' आणि राष्ट्राचे भाग

याला एक भारदस्त उत्तर दिले जाते आणि ते आपल्या वाचकांना विचार करावयास लावणारे आहे. पाणी कोणा एका प्रांताचे नसते, ते राष्ट्राचे असते. एका भागाजवळ आहे आणि दुसरा तहानलेला आहे, तर बंधुभावाने वाटून घ्यावे. तत्त्व निःसंशय योग्य आहे. नदी ही प्रांताची खासगी मालमत्ता मानली तर राष्ट्र ही कल्पनाच उरत नाही. मुर्सिया, आलिकांते, आल्मेरिया हा स्पेनचाच भाग. सेगुराचे खोरे अतिशय कोरडे. तेथील शेतकरी आळशी नाही, तो जगातील उत्तम बागायतदारांपैकी आहे. थेंबाथेंबाचा हिशेब ठेवणाऱ्या त्या प्रदेशात पाण्याचे तंटे शेतकऱ्यांच्याच न्यायसभेपुढे सोडविण्याची शतकांची परंपरा आहे. मुर्सियाच्या 'भल्या माणसांच्या सभे'ला २००९ मध्ये युनेस्कोनेही गौरविले. या कालव्यावर तेथील लक्षावधी लोकांचे पिण्याचे पाणीही काही अंशी अवलंबून आहे. त्यांच्याविषयी येथे आकस नाही.

परंतु बंधुभाव दुहेरी असावा लागतो. राष्ट्र एक आहे, म्हणूनच त्याच्या कोणत्याही अवयवाला केवळ टाकी समजता येत नाही. शरीर एक आहे म्हणून एका हाताचे सारे रक्त दुसऱ्या हाताला देत नाहीत. फ्रँकोच्या राजवटीने कास्तिलला स्पेनचा आत्मा म्हणून डोक्यावर घेतले. पाठ्यपुस्तकांत कास्तिलचे वीर, भाषणांत कास्तिलची माती. त्याच राजवटीने कास्तिलची गावे बुडविली आणि नदी वळविली. स्तुतीचे हार गळ्यात घालून खिसा कापण्याचा हा प्रकार नव्हे तर काय? राष्ट्रभक्तीची परीक्षा गौरवगीतांत होत नसते. जो भाग दुबळा आहे, ज्याच्याजवळ मते कमी आहेत आणि माणसे विरळ आहेत, त्याचा हिशेब राष्ट्र किती चोख ठेवते, यात ती होते.

आणि लोकशाही आल्यावर तरी काय झाले? १९८०च्या कायद्यात उगमखोऱ्याचा अग्रक्रम मान्य करून 'अतिरिक्त' पाण्याचीच भाषा कायम ठेवली गेली. त्यानंतर सर्वच पक्षांनी या प्रश्नावर दोन तोंडांनी बोलण्याची कला साधली. समाजवादी पक्षाचा तोलेदोतील नेता कालव्याला विरोध करणार आणि त्याच पक्षाचा व्हॅलेन्सियातील नेता कालव्यासाठी छाती पिटणार. लोकपक्षाचा मुर्सियातील पुढारी 'एक थेंबही कमी होऊ देणार नाही' म्हणणार आणि उगमाकडील त्याचा सहकारी खाली मान घालणार. पक्ष एक, ध्वज एक, पण नदीच्या दोन टोकांना दोन सत्ये! ज्या बाजूला मतदार जास्त त्या बाजूचे सत्य जड भरते, हे सांगावयास नको.

हिरव्या शेपटाचे खरे रूप

बरे, ज्या समृद्धीसाठी हा त्याग मागितला, ती तरी निर्मळ आहे काय? मुर्सियाच्या किनाऱ्यावर मार मेनोर नावाचे खाऱ्या पाण्याचे विस्तीर्ण सरोवर आहे. कालव्याचे पाणी आल्यावर भोवतालच्या कार्ताहेना मैदानात सघन बागायत पसरली. ज्यांना परवाना होता त्यांनी केली, नव्हता त्यांनीही केली; विनापरवाना ओलिताखाली आणलेली जमीन हजारो हेक्टर निघाली. तेथील खतांचे नायट्रेट झिरपत सरोवरात उतरले. २०१६ मध्ये पाणी शेवाळाने हिरवेगार झाले. ऑक्टोबर २०१९ मध्ये आणि पुन्हा ऑगस्ट २०२१ मध्ये प्राणवायूअभावी तडफडणारे मासे आणि खेकडे किनाऱ्याला आले. लोकांनी हातात हात घालून सरोवराभोवती साखळी केली. अखेर २०२२ मध्ये स्पेनच्या संसदेने या सरोवराला कायदेशीर व्यक्तित्व बहाल केले. उगमाकडे नदी आटली आणि शेवटाकडे सरोवर गुदमरले. एकाच पाण्याने दोन जलाशयांचा घात केला, आणि या दोहोंच्या मध्ये जो हिशेब बसतो त्याला 'यशस्वी प्रयोग' म्हणतात.

फसवणूक किनाऱ्याच्या शेतकऱ्याचीही झाली. त्याला एक हजाराचे स्वप्न दाखविले, सहाशेचा कायदा दिला आणि हाती साडेतीनशे ठेवले. त्या भरवशावर त्याने कर्ज काढले, झाडे लावली. आज पाणी कमी करावयाचे म्हटले की त्याच्या पोटात गोळा येतो, यात त्याचा काय दोष? जे पाणी नव्हतेच ते आश्वासनात देऊन राज्यसंस्थेने दोन प्रांतांना एकमेकांचे वैरी केले. एकात्मतेच्या नावाने सुरू झालेल्या कालव्याने देशात फूट पाडली, ही या कथेची कडवट परिणती.

न्यायालयाला दिसले ते

उशिरा का होईना, काही गोष्टी हलल्या. २००१च्या राष्ट्रीय जलयोजनेत एब्रो नदीचेही पाणी याच पद्धतीने, वर्षाला हजाराहून अधिक दशलक्ष घनमीटर, वळविण्याचा घाट घातला होता. लोक रस्त्यावर उतरले आणि २००४ मध्ये तो बेत रद्द झाला. त्याऐवजी किनाऱ्यावर समुद्राचे पाणी गोडे करणारे प्रकल्प उभे राहिले. तोरेव्हिएहा येथील प्रकल्प वर्षाला ८० दशलक्ष घनमीटर क्षमतेचा बांधला गेला. ते पाणी महाग पडते, ही तक्रार खरी आहे. पण नदीचे पाणी स्वस्त पडते ते कोणी किंमत मोजत नाही म्हणून नव्हे. किंमत दुसरा मोजतो, म्हणून ते स्वस्त.

मार्च २०१९ मध्ये स्पेनच्या सर्वोच्च न्यायालयाने ताहो खोऱ्याच्या आराखड्यातील तरतुदी रद्द ठरविल्या. नदीला जिवंत ठेवण्यासाठी किती पाणी वाहते हवे, याचे बंधनकारक आकडे त्यात दिलेले नव्हते, हे कारण. न्यायालयाने म्हटले ते इतकेच की आधी नदीचे मोजा. जानेवारी २०२३च्या नव्या आराखड्यात आरान्हुएस येथे, पूर्वीच्या सेकंदाला ६ घनमीटरऐवजी, आधी ७, २०२६ पासून ८ आणि २०२७ पासून ८.६५ घनमीटर असा चढता क्रम ठरला. त्यालाही किनाऱ्याकडील सरकारांनी व बागायतदारांनी न्यायालयात आव्हान दिले. २०२५च्या वसंतात भरपूर पाऊस झाला, जलाशय पुन्हा चढले, आणि लगोलग अधिक पाणी सोडण्याची मागणीही चढली. एका चांगल्या वर्षाने चाळीस वर्षांचा धडा विसरावयाचा असेल तर मग धड्याचा उपयोग काय?

मागणी अवास्तव नाही. कालवा उद्या बुजवा, असे ग्वादालाहाराच्या जलाशयाकाठची गावेसुद्धा सहसा म्हणत नाहीत. ती म्हणतात, हिशेबाचा क्रम बदला. प्रथम नदी, मग तिच्या काठची माणसे, मग उरेल ते शेजाऱ्याला, आणि तेही ओल्या वर्षांच्या आठवणीवर न मोजता आजच्या आवकेवर मोजून. किनाऱ्याने समुद्राचे पाणी, सांडपाण्याचा पुनर्वापर आणि परवानगीपुरतीच बागायत यांवर आपला संसार उभा करावा. राज्याने त्याचा भार उचलावा, कारण स्वप्न राज्यानेच विकले होते.

तेव्हा यापुढे कोणी व्यासपीठावरून ताहो-सेगुराचे गोडवे गाऊ लागला तर त्याला नम्रपणे एवढेच विचारावे: महाशय, आपण मुर्सियाची लिंबे पाहिली असतील, सासेदोनचा कोरडा धक्का पाहिला आहे काय? कोणतीही नदी वळविण्यापूर्वी 'अतिरिक्त' या शब्दावर बोट ठेवून तो कोणी, कोणत्या वर्षीच्या पावसावर आणि कोणाला विचारून लिहिला, याचा जाब मागितला पाहिजे. हा जाब मागणे प्रगतीला विरोध नव्हे आणि राष्ट्राला तर मुळीच नव्हे. दगडांच्या नदीच्या देशाने तो १९७१ मध्ये मागू शकला असता तर आज त्याच्या पात्रात नुसते दगडच उरले नसते.